नागरकोइलची लेस आणि दक्षिण त्रावणकोरच्या स्त्रिया

एकोणिसाव्या शतकाच्या पहिल्या पंचवीस वर्षांत इंग्लंडमधील हातविणीच्या लेसचा धंदा यंत्रापुढे माघार घेत असताना तीच कला हिंदुस्थानच्या दक्षिण टोकाशी, त्रावणकोर संस्थानातील नागरकोइल या गावी रुजली. वस्त्रोद्योगाच्या इतिहासात या घटनेला तळटीपेपलीकडे जागा मिळत नाही आणि निव्वळ कलेच्या दृष्टीने पाहिल्यास तशी तक्रारही करता येणार नाही, कारण नागरकोइलच्या लेसने नवी शैली घडवली असे कोणी म्हणत नाही. त्रावणकोरच्या सामाजिक इतिहासात मात्र तिचे स्थान बरेच मोठे आहे. ही लेस विणणाऱ्या स्त्रिया ज्या जातींतून आल्या त्या जातींतील बाईने अंगावर कोणते वस्त्र घ्यावे आणि ते कुठवर घ्यावे, यावर संस्थानाचे नियम होते, आणि त्या नियमांवरून १८१४ ते १८६५ अशी पन्नास वर्षे दंगे, जाहीरनामे व खलिते चालले होते. मराठी वाचकाला या प्रकरणात रस वाटण्याचे आणखी एक कारण म्हणजे त्या काळात त्रावणकोरच्या दिवाणपदावर बसलेले बहुतेक गृहस्थ तंजावर-कुंभकोणम भागात स्थायिक झालेल्या देशस्थ घराण्यांतले होते.

लेस म्हणजे दोऱ्यांची सजावटीची जाळी. आज ब्लाउजच्या बाहीला किंवा परकराच्या घेराला लावण्याची तयार पट्टी याच नावाने बाजारात मिळते, पण मूळ वस्तू कापडाला लावायची असली तरी कापडातून निघत नाही. सुईची लेस, आकडीची लेस आणि बॉबिनची लेस असे तिचे तीन मुख्य प्रकार असून नागरकोइलला गेलेला प्रकार तिसरा. त्यासाठी भुश्याने किंवा गवताने ठासून भरलेली कडक उशी लागते. उशीवर नक्षीची भोके पाडलेला चामडी कागद किंवा जाड कागद बसवला जातो. आणि दोरा गुंडाळलेल्या, विणकराच्या कांडीपेक्षा बारीक अशा लाकडी किंवा हाडाच्या कांड्या, म्हणजे बॉबिन, जोडीजोडीने उशीवरून लोंबत सोडलेल्या असतात. कारागीर एका वेळी दोन जोड्या, म्हणजे चार दोरे हातात घेते आणि दोनच हालचाली करते: मधल्या दोन दोऱ्यांपैकी डावा उजव्यावरून टाकणे ही एक, आणि प्रत्येक जोडीतील उजवा दोरा डाव्यावरून घेऊन पीळ देणे ही दुसरी. कोकणात किंवा गोव्यात शिमग्याला खांबाभोवती गोफ विणणारे जसे एकमेकांच्या आतून-बाहेरून फिरतात, तसे हे दोरे एकमेकांतून फिरतात. फरक इतकाच की येथे प्रत्येक वळणावर कागदाच्या भोकात टाचणी रोवून तेवढी वीण जागच्या जागी धरून ठेवावी लागते. टाचण्या पितळेच्या असतात, कारण लोखंडाचा गंज पांढऱ्या दोऱ्यावर उतरला की तो तुकडा बाद होतो. दोन हालचाली एकदा, दोनदा किंवा उलटसुलट क्रमाने केल्या की कधी कापडासारखी घट्ट वीण पडते, कधी विरळ जाळी. आणि नक्षी अवघड झाली की जोड्यांची संख्या दहाबारावरून शंभराच्याही पुढे जाते. अक्षरओळख नसली तरी चालते, मोजणी मात्र क्षणभरही चुकता कामा नये, आणि घामेजलेला किंवा मळका हात उशीजवळ येऊन उपयोग नाही.

ही कला सोळाव्या शतकात इटली आणि फ्लँडर्स या भागांत वर आली. व्हेनिसमध्ये १५५७ साली आणि झुरिचमध्ये १५६१ साली तिचे नमुने छापलेली पुस्तके निघाली होती. इंग्लंडमध्ये डेव्हन परगण्यातील हॉनिटनच्या आसपास आणि बकिंगहॅम, बेडफर्ड, नॉर्दम्प्टन या मधल्या पट्ट्यात ती शेतमजुरांच्या घरांतला धंदा बनली. लेसच्या शाळा म्हणून जे काही चाले ते बहुतांशी एका बाईच्या झोपडीतील खोली असे, तेथे पाचसहा वर्षांच्या मुली तासन्तास उशीवर वाकून बसत आणि वेग राखण्यासाठी आकड्यांची गाणी म्हणत. व्यापारी मजुरीऐवजी दुकानातला माल देत, त्यामुळे कारागिरणीच्या हाती रोकड क्वचितच पडे. या धंद्यावर पहिला मोठा घाव जॉन हीथकोटने घातला. १८०८ व १८०९ साली त्याने बॉबिनच्या जाळीचे यंत्र पेटंट केले. १८१६ मध्ये यंत्रविरोधी कामगारांच्या टोळीने लफबरो येथील कारखान्यात घुसून त्याची पन्नासहून अधिक यंत्रे फोडली, तेव्हा तो कारखाना उचलून डेव्हनमधील टिव्हर्टनला, म्हणजे हातविणीच्या ऐन मुलखात गेला. जाळीचा भाव कोसळला आणि हाताने फक्त फुलेपाने विणून ती यंत्राच्या जाळीवर टाचण्याची पद्धत पडली. १८४० मध्ये व्हिक्टोरिया राणीने लग्नात घेतलेली हॉनिटनची ओढणीही याच पद्धतीची होती. राणीने डेव्हनच्या कारागिरणींना काम द्यायचे ठरवले ते त्यांची उपासमार कानी आली म्हणून, यावरून धंद्याची तेव्हाची अवस्था लक्षात यावी.

इंग्रजी यंत्राने हिंदी कारागीर बुडवला हे वाक्य इतिहासलेखनात इतके रुळले आहे की इंग्रजी यंत्राने बुडवलेली इंग्रजी कला हिंदुस्थानात येऊन तगली, या उलट्या प्रवासाकडे सहसा लक्ष जात नाही. ती तगली याचे कारण मात्र हळुवार नाही. दक्षिण त्रावणकोरात हाताची मजुरी इतकी थोडी होती की यंत्राच्या जाळीशी हातविणीने स्पर्धा करणे डेव्हनमध्ये अशक्य झाले होते ते येथे शक्य होते.

नागरकोइलचा मुलूख म्हणजे पश्चिम घाटाच्या शेवटच्या रांगा आणि कन्याकुमारी यांमधला भातशेतीचा व ताडांचा पट्टा. भाषेने तमिळ असलेला हा भाग राज्यकारभाराने मल्याळी संस्थानाचा होता. जमीन प्रामुख्याने नायर, वेळ्ळाळ, ब्राह्मण आणि देवस्थाने यांच्याकडे होती. ताडावर चढून रस काढणे आणि त्याचा गूळ करणे हा ज्यांचा मुख्य व्यवसाय, त्या जातीला त्या काळच्या कागदपत्रांत शाणार म्हटलेले आढळते, तरी त्या समाजाने पुढे नाडार हेच नाव स्वतःसाठी स्वीकारले आणि येथेही तेच वापरले आहे. नाडारांवर डोईपट्टीसारखे कर होते, सरकारी व देवस्थानी कामासाठी वेठ होती, आणि छत्री, चपला, सोन्याचे दागिने, कमरेवर घागर घेणे अशा बाबतींतही मनाई होती. त्यांच्याही खाली पुलया व परया या जातींतील माणसे जमिनीसोबत विकली जात. त्यांना गुलाम म्हणताना त्या शब्दाचा लाक्षणिक अर्थ घेण्याचे कारण नाही.

या प्रदेशात लंडन मिशनरी सोसायटीचा पहिला माणूस, रिंगेलटॉबे नावाचा जर्मन, १८०६ मध्ये आला आणि नागरकोइलजवळच्या मैलाडी गावी वेदमाणिक्कम् या स्थानिक धर्मांतरिताच्या आधाराने त्याने काम मांडले. तो १८१६ मध्ये निघून गेला. त्यानंतर आलेल्या चार्ल्स मीडला परिस्थिती फारच अनुकूल मिळाली, कारण कर्नल जॉन मन्रो हा कंपनीचा रेसिडेंट मिशनचा उघड कैवारी होता, काही वर्षे संस्थानाचे दिवाणपदही त्याने स्वतःकडेच ठेवले होते, आणि राज्यप्रतिनिधी राणी गौरी पार्वतीबाई हिच्याकडून त्याने मिशनच्या विद्यालयासाठी भातशेती घेण्यास पाच हजार रुपये मिळवून दिले. मीडला तर काही काळ नागरकोइलच्या न्यायाधीशपदावरही बसवण्यात आले. धर्मोपदेशकाने न्यायासनावर बसावे हे त्याच्या लंडनच्या वरिष्ठांनाही रुचले नाही. परंतु ताडावर चढणाऱ्या माणसाला आपला पाद्री कचेरीत बसलेला दिसणे याचा जो परिणाम व्हायचा तो झालाच, आणि पुढच्या काही वर्षांत धर्मांतरितांची संख्या झपाट्याने वाढली.

मीडची पत्नी योहाना सेलेस्टिना ही तंजावरच्या मिशनमधील होर्स्ट यांची मुलगी. सरफोजीराजांच्या तंजावरात वाढलेली, तमिळ सहज बोलणारी ही बाई आणि १८१९ च्या अखेरीस पतीसह नागरकोइलला आलेली मार्था मॉल्ट या दोघींनी मुलींची शाळा उभी केली. दक्षिण भारतातील मुलींच्या अगदी पहिल्या शाळांपैकी ती एक होती आणि तिचीच पुढची परंपरा नागरकोइलचे डथी विद्यालय सांगते. काळाचे मोजमाप म्हणून इतके सांगता येईल की मुंबईत अमेरिकन मिशनची सिंथिया फॅरार आली ती १८२७ मध्ये, आणि पुण्यात जोतीराव व सावित्रीबाईंनी मुलींची शाळा काढली ती १८४८ मध्ये. शाळा काढणे सोपे होते, मुली टिकवणे अवघड होते. घरच्या माणसांना मुलीच्या हातचे काम हवे होते, आणि गुलाम मुलीच्या बाबतीत तर तिचा वेळ बापाचाही नव्हता, मालकाचा होता. म्हणून मुलींना मिशनच्या आवारातच ठेवून घेण्याची वसतिशाळेची पद्धत आली, आणि वसतिशाळा आली म्हणजे भाताचा व कपड्याचा खर्च आला.

लेस आली ती या खर्चाच्या वाटेने. मार्था मॉल्टला उशीवरची लेस येत होती, आणि १८२० च्या दशकाच्या आरंभी तिने मोठ्या मुलींना ती शिकवायला घेतली. नंतर मीड दांपत्य १८२८ मध्ये ज्या नेय्यूर गावी गेले तेथे भरतकामाला अधिक महत्त्व आले. वाचन, लेखन व प्रश्नोत्तरी यांसाठी दिवसाचा एक भाग आणि उशीसाठी दुसरा, अशी शाळेची वाटणी होती. तयार माल मद्रास इलाख्यातील व इतर ठिकाणच्या गोऱ्या कुटुंबांत आणि इंग्लंडमधील मिशनच्या हितचिंतकांत विकला जाई. मिशनच्या स्त्रियाच नमुने निवडत, दोरा पुरवत, माल तपासत आणि गिऱ्हाईकही शोधत, त्यामुळे मधला व्यापारी वगळला गेला व विक्रीचा पैसा शाळेच्या आणि कारागिरणीच्या हिशेबात जमा होऊ लागला. डेव्हनमधल्या मुलीला दुकानातून पीठ आणि चहा मिळत होता; नागरकोइलच्या मुलीच्या नावावर आणे मांडले जात होते.

या आण्यांचे जे घडले ते लेसच्या इतिहासात दुसरीकडे क्वचितच आढळेल. शाळेत आलेल्या मुलींपैकी काही गुलाम होत्या आणि त्यांची किंमत ठरलेली होती, कारण माणसांची खरेदी-विक्री हा तेथे रोजचा व्यवहार होता. लेसच्या मिळकतीतून शिल्लक टाकत त्यांतील काहींनी मालकाला ती किंमत चुकती केली आणि मोकळ्या झाल्या, असे मिशनच्या वृत्तांतांत आले आहे. मिशनच्या वृत्तांतांचा हेतू इंग्लंडमधील वर्गणीदारांना हलवण्याचा असे, म्हणून त्यांतील भावनिक भाग वगळून वाचणे शहाणपणाचे. परंतु व्यवहाराचा सांगाडा विश्वासार्ह आहे, कारण तो त्या काळच्या कायद्याशी जुळतो. कंपनीच्या मुलखात गुलामीला कायद्याचा आधार राहणार नाही असे १८४३ च्या पाचव्या कायद्याने ठरवले, तरी त्रावणकोर हे संस्थान असल्याने तो तेथे लागू नव्हता, आणि उत्रम तिरुनाळ मार्तंडवर्मा महाराजांचा गुलामीबंदीचा जाहीरनामा निघाला तो १८५५ मध्ये. लेस सुरू झाल्यापासून तोवरच्या तीस वर्षांत सुटकेचा एक रस्ता रोख पैशाचा होता, आणि त्या जातीच्या बाईला रोख पैसा स्वतःच्या हाताने मिळवून देणारे काम त्या मुलखात उशीच्या लेसखेरीज फारसे नव्हते.

त्याच आवारात, बहुधा त्याच हातांनी, दुसरे एक वस्त्र शिवले जात होते आणि त्याने लेसपेक्षा कितीतरी मोठा गदारोळ उडवला. त्रावणकोरातील रिवाजाप्रमाणे कनिष्ठ जातीने वरिष्ठासमोर छाती उघडी ठेवणे ही आदराची खूण मानली जाई. नायर स्त्रीही ब्राह्मणासमोर वा देवळात खांद्यावरचे वस्त्र उतरवीत असे, पण तिला ते एरवी घेण्याचा अधिकार होता आणि नाडार स्त्रीला नव्हता. १८१४ च्या सुमारास मन्रोने धर्मांतरित स्त्रियांना सीरियन ख्रिस्ती व मापिला स्त्रियांसारखी कुप्पायम्, म्हणजे सैलसर बंडी, घालण्याची मुभा दिली. मीड व मॉल्ट यांच्या पत्नींनी त्यासाठी एक साधी बंडी बेतली आणि शाळेतल्या मुली ती शिवू लागल्या. धर्मांतरित स्त्रियांना मात्र एवढ्याने समाधान नव्हते. त्या बंडीवरून उच्चवर्णीय स्त्रिया घेत तसे खांद्यावरचे वस्त्रही घेऊ लागल्या, कारण त्यांना हवे होते ते नुसते झाकलेले अंग नव्हे. नायर बाईच्या अंगावर जे दिसते ते आपल्याही अंगावर दिसावे ही त्यांची मागणी होती. मिशनऱ्यांना ही मागणी पूर्णपणे उमगली होती असे वाटत नाही. त्यांच्या लेखी प्रश्न लज्जेचा होता, तर वस्त्र फाडणाऱ्याच्या आणि नेसणाऱ्या बाईच्या लेखी तो बरोबरीचा होता.

१८२२ पासून बाजारात स्त्रियांच्या बंड्या फाडण्याचे प्रकार सुरू झाले आणि १८२७ ते १८२९ या काळात ते विकोपाला गेले. प्रार्थनागृहे व शाळा जाळल्या गेल्या. त्या वेळी दिवाणपदावर तंजावरकडचे वेंकटराव होते. त्यांच्या काळात, ३ फेब्रुवारी १८२९ रोजी, राज्यप्रतिनिधी राणीच्या नावाने जाहीरनामा निघाला, त्याने नाडार स्त्रियांना, मग त्या ख्रिस्ती असोत वा नसोत, खांद्यावरच्या वस्त्राची मनाई केली, ख्रिस्ती स्त्रियांच्या बंडीला मात्र मोकळीक ठेवली, वेठ इतरांप्रमाणे करावीच लागेल असे बजावले, आणि तक्रारी पाद्र्यांकडे न नेता सरकारी कचेरीत न्याव्यात असा हुकूम दिला. या शेवटच्या कलमावरून सरकारची खरी ठसठस कशाची होती हे उघड होते. वेंकटरावांसारख्या परक्या मुलखातून आलेल्या, संस्थानी दरबाराच्या मर्जीवर टिकणाऱ्या कारभाऱ्याला स्थानिक नायर-वेळ्ळाळ जमीनदारवर्गाशी वाकडेपणा घेणे परवडणारे नव्हते. त्यांनी समाजव्यवस्था निर्माण केली नव्हती, फक्त ती राखली. इतके म्हणून मात्र त्यांची जबाबदारी संपत नाही.

या पार्श्वभूमीवर लेसचे चमत्कारिक स्थान ध्यानात येते. नाडार व पुलया मुली गोऱ्या स्त्रियांच्या गळ्याभोवतीची आणि मनगटावरची नाजूक झालर विणत होत्या आणि त्याबद्दल कोणीही दंगा केला नाही, कारण ती झालर बोटीने किंवा टपालाने निघून जात होती. तीच मुलगी स्वतःच्या खांद्यावर जाडेभरडे कापड घेऊन आठवड्याच्या बाजारात गेली की दंगा होई. मालावर कोणाचा आक्षेप नव्हता, मजुरीवरही नव्हता; आक्षेप होता तो मजुरीने आलेल्या ऐटीवर. संस्थानाच्या उच्चवर्णीयांनी लेसकडे दुर्लक्ष केले ही त्यांची चूक म्हणावी लागेल, कारण मुलगी दोन पैसे मिळवू लागली की तिचे लग्न उशिरा होई, ती शाळेत अधिक काळ टिके, आणि वस्त्राचा आग्रह धरणारी पुढची पिढी त्याच शाळेतून बाहेर पडे.

मॉल्टची कन्या एलायझा हिचा जन्म त्रावणकोरातच झाला आणि ती तमिळ घरच्या भाषेसारखी बोलत असे. १८४४ मध्ये तिचे लग्न रॉबर्ट कॉल्डवेल याच्याशी झाले. द्राविड भाषांच्या तौलनिक व्याकरणाचा कर्ता म्हणून, आणि ‘द्राविड’ हे कुलनाम भाषाशास्त्रात रूढ करणारा म्हणून, तो मराठी अभ्यासकांनाही परिचित आहे. शेजारच्या तिरुनेलवेली जिल्ह्यात, लाल वाळूच्या आणि ताडांच्या उजाड पट्ट्यात, इडैयनगुडी येथे तो राहत असे. तेथे त्याने जागा घेऊन रस्ते आखले, विहिरी खणल्या, झाडे लावली, जुन्या वस्तीच्या जागी आखीव गाव वसवले आणि १८८० मध्ये पुरे झालेले मोठे चर्च बांधले. पण इडैयनगुडीत वाळूत पाऊस नाही तेव्हाही चालेल असा धंदा आधी हवा होता. एलायझाने आईची उशी येथे आणली आणि मुलींच्या वसतिशाळेत लेस सुरू केली. इडैयनगुडीची लेस पुढे नागरकोइलइतकीच ओळखीची झाली. नवऱ्याच्या ग्रंथाने जगभर नाव मिळवले, पण त्या गावातल्या बायकांच्या हाती पैसा घातला तो बायकोच्या उद्योगाने, याची नोंद कॉल्डवेलच्या चरित्रकारांनी थोडक्यातच आटोपलेली आहे.

त्रावणकोरातील वस्त्रांचा वाद मॉल्ट दांपत्य निघून गेल्यावर पुन्हा पेटला. या वेळी दिवाण होते सर टी. माधवराव. १८२८ मध्ये कुंभकोणमला जन्मलेले, मद्रासच्या हायस्कुलात शिकलेले, त्रावणकोरच्या राजपुत्रांचे शिक्षक म्हणून संस्थानात आलेले आणि जेमतेम तिशीत दिवाण झालेले हे तेच माधवराव, ज्यांनी पुढे इंदूरला होळकरांची आणि १८७५ पासून बडोद्याला सयाजीरावांच्या अल्पवयात गायकवाडांची दिवाणगिरी केली. नोव्हेंबर १८५८ मध्ये व्हिक्टोरिया राणीच्या जाहीरनाम्याने धार्मिक ढवळाढवळ न करण्याचे वचन दिले, आणि दक्षिण त्रावणकोरातील उच्चवर्णीयांनी त्याचा अर्थ जुना रिवाज परत आला असा घेतला. बाजारांत बंड्या फाडल्या जाऊ लागल्या. डिसेंबरमध्ये दिवाणांनी जो जाहीरनामा काढला त्यात नाडार स्त्रियांनी रूढी मोडू नये आणि शूद्रांनीही (म्हणजे नायर-वेळ्ळाळांनीही) कायदा हाती घेऊ नये, असा दोन्हीकडे बोट दाखवणारा उपदेश होता; अशा उपदेशाचे जे होते तेच त्याचेही झाले आणि जानेवारी १८५९ मध्ये घरे व प्रार्थनागृहे जळाली. रेसिडेंट जनरल कलन वयाने थकलेला व दरबाराच्या बाजूने झुकलेला होता. वसंतात मद्रासचा गव्हर्नर म्हणून आलेल्या सर चार्ल्स ट्रेव्हेलियनने मात्र संस्थानाला असे खडसावले की २६ जुलै १८५९ रोजी महाराजांना नवा जाहीरनामा काढावा लागला.

त्यातील तडजोड वाचण्यासारखी आहे. सर्व नाडार स्त्रियांना, ख्रिस्ती असो वा नसो, बंडी घालण्यास आणि जाडेभरडे कापड अंगाभोवती मुक्कुव कोळिणींसारखे बांधण्यास मुभा मिळाली. फक्त ते उच्चवर्णीय स्त्रियांसारखे नेसायचे नाही. म्हणजे झाकण्यास हरकत नाही, सारखे दिसण्यास हरकत. माधवरावांचा कारभार पुढे त्रावणकोरच्या सुधारणांचा काळ म्हणून वाखाणला गेला, आणि शाळा, रस्ते, कर व न्यायखाते यांबाबतीत ती वाखाणणी योग्यही आहे. पण या एका प्रश्नात त्यांनी पाऊल पुढे टाकले ते मद्रासच्या दटावणीनंतर, हे बडोद्याच्या माधवरावांचा आदर करणाऱ्या मराठी वाचकालाही मान्य करावे लागते. बाकी जातींतील स्त्रियांना ही मुभा मिळायला १८६५ उजाडले. कागदावर राहिलेली नेसण्याच्या पद्धतीची अट बायकांनी केव्हाच मोडीत काढली होती.

लेसच्या धंद्याविषयी गौरवाने लिहिणाऱ्यांनी त्याची दुसरी बाजू बहुधा झाकली आहे. एलायझा केंट यांनी वसाहतकालीन दक्षिण भारतातील धर्मांतरित स्त्रियांवरील ग्रंथात दाखवले आहे की मिशनने या उद्योगातून एक विशिष्ट घरगुती बाई घडवली: घरात बसून, हात स्वच्छ ठेवून, खाली मान घालून काम करणारी. ताडाच्या रसाचा गूळ शिजवणाऱ्या, ओझी वाहणाऱ्या, बाजारात भांडणाऱ्या बाईपेक्षा ही बाई सभ्य मानली गेली, आणि नाडार समाजाच्या पुढच्या चढत्या काळात पुरुषांनाही हीच प्रतिमा सोयीची वाटली. मजुरीही बेतानेच होती. मालाचा भाव दूरच्या शहरातील फॅशनवर ठरे आणि कारागिरणीला त्या फॅशनचा पत्ता नसे. आंध्रातील गोदावरीकाठी नरसापूर भागात मिशनच्याच प्रेरणेने आलेल्या आकडीच्या लेसचा अभ्यास जर्मन समाजशास्त्रज्ञ मारिया मीस यांनी १९८२ मध्ये प्रसिद्ध केला, तेव्हा त्यांना आढळले की दिवसाचे सहाआठ तास विणणाऱ्या स्त्रियांना घरचे आणि व्यापारीही मजूर न समजता रिकाम्या वेळात विणणाऱ्या गृहिणी समजतात, आणि मजुरी कमी राहते ती याच समजुतीमुळे. नागरकोइलात मिशन हाच मालक असताना ही गोष्ट उघडी पडली नाही. मिशनची पकड सैल होऊन व्यापाऱ्यांनी माल उचलायला सुरुवात केल्यावर ती तेथेही दिसू लागली. तरीही नरसापूरचे निष्कर्ष जसेच्या तसे मागे नेऊन १८२५ च्या नागरकोइलवर लादणे बरोबर ठरणार नाही. गृहिणी हा दर्जा मिळण्याआधी बाई कोणाच्या तरी मालमत्तेत मोडत नाही एवढे तरी ठरावे लागते, आणि गुलाम मुलीच्या बाबतीत लेसने ठरवले ते इतकेच.

विसाव्या शतकात यंत्राची लेस स्वस्त होत गेली तसा उशीचा धंदा आटत गेला आणि त्याची जागा भरतकामाने घेतली. मिशनच्या जागी १९४७ मध्ये चर्च ऑफ साउथ इंडिया आली. आणि १ नोव्हेंबर १९५६ रोजी भाषावार प्रांतरचनेत अगस्तीश्वरम्, तोवाळै, कल्कुळम् व विळवंकोड हे चार तालुके त्रावणकोर-कोचीनमधून मद्रास राज्यात जाऊन कन्याकुमारी जिल्हा झाला. युरोपात या कलेकडे वारसा म्हणून पाहण्याची दृष्टी अलीकडची आहे. स्लोव्हेनियातील बॉबिनची लेस युनेस्कोच्या अमूर्त वारशाच्या यादीत गेली ती २०१८ मध्ये. दक्षिण त्रावणकोरात लेसच्या उत्पन्नाचा उपयोग तिची भरभराट असतानाच वेगळ्या कामाला झाला होता. एकोणिसाव्या शतकाच्या उत्तरार्धात मिशनने घरोघर जाऊन स्त्रियांना वाचायला शिकवणाऱ्या तमिळ बायका नेमल्या, त्यांना बायबल-बाया म्हणत, आणि त्यांच्या वेतनाचा काही भाग लेस व भरतकामाच्या विक्रीतून निघे. या बायका बहुतेक नाडार समाजातल्या होत्या, आणि त्यांच्या फेऱ्यांत वरच्या जातींची घरेही होती. अंगावर बंडी आणि तिच्यावर खांद्यावरचे वस्त्र घेऊन त्या तेथे ओसरीवर बसत आणि घरच्या लेकीसुनांना अक्षरे गिरवायला लावत.